ख्यालीखुशालीचं कार्ड

कार्तिकी एकादशीला सगळा महाराष्ट्र पंढरपूरकडे तोंड करतो, तेव्हा आमच्या खालापूर तालुक्यातली माणसं साजगावच्या टेकडीकडे निघतात. वर विठोबाचं देऊळ आणि खाली यात्रा. ही यात्रा पुढे बरेच दिवस चालते आणि तिथे सुक्या मासळीचा मोठा बाजार भरतो. विठ्ठलाच्या दारी सुके बोंबील, म्हणून लोक त्याला मायेनं 'बोंबल्या विठोबा' म्हणतात. तुकाराम महाराज मिरचीच्या व्यापारासाठी घाट उतरून इथवर येत असत, असं आमच्याकडची जुनी माणसं सांगत.

१९७५ सालच्या यात्रेत आईनं दोन गोष्टी घेतल्या. देवळातल्या प्रसादाचे बत्तासे आणि शेरभर सुके बोंबील. बोंबलांची तिनं चटणी केली, डबा घट्ट बांधला आणि मला बरोबर घेऊन ती एस.टी.नं बोरघाट चढून गेली. घाटावरच्या एका मोठ्या तुरुंगात आण्णा, म्हणजे माझे वडील, 'मिसा'खाली स्थानबद्ध होते. मुलाखतीच्या दिवशी बत्तासे आत गेले. चटणीचा डबा परत आला. परतीच्या एस.टी.त आईनं तो माझ्यापुढे उघडला, भाकरी दिली आणि म्हणाली, "खा, फुकट नको जायला." ती स्वतः खिडकीबाहेर बघत राहिली. मी अकरा वर्षांचा होतो. चटणी मला आवडली, हे आज सांगताना जरा लाज वाटते.

तुरुंगाचा इतिहास आपल्याकडे भरपूर लिहिला गेला आहे, पण तो बहुतेक आतल्या माणसानं लिहिलेला आहे. दरवाजाबाहेर डबा घेऊन उभ्या राहिलेल्या माणसाचा इतिहास फारसा कुणी लिहिलेला नाही. आज मला त्याच्याविषयी बोलायचं आहे. आतल्या माणसाशी बाहेरच्या माणसानं संबंध कसा ठेवला, त्याला काय लिहू दिलं गेलं, आणि काय त्यानं आपणहून लिहिलं नाही, हा आजचा विषय.

आण्णांना नेलं ते जुलै १९७५ मध्ये. ते खोपोलीतल्या एका कारखान्यात कारकून होते आणि उरलेला वेळ समाजवादी पक्षाचं काम करत. पहिल्या दोन रात्री ते जवळच्याच कोठडीत होते. त्या दोन रात्री आम्हांला तुरुंग म्हणजे काय हे कळलंच नाही, कारण सगळं ओळखीचं होतं. पहाऱ्यावरचा शिपाई आण्णांना नावानं ओळखत होता. काकानं नेलेली भाकरी आत गेली, चष्मा आत गेला, तंबाखूची डबीसुद्धा गेली. आजीनं काठी टेकत जाऊन गजांतून त्यांच्या तोंडावरून हात फिरवला. तिसऱ्या दिवशी पहाटे गाडी आली आणि त्यांना घेऊन गेली. कुठे नेलं, हे कुणी सांगेना. पुढचे बारा-तेरा दिवस ते कुठे आहेत ते आम्हांला ठाऊक नव्हतं. मग एक कार्ड आलं. त्यावर आण्णांचं अक्षर होतं, तुरुंगाचा शिक्का होता आणि कुणा साहेबाची लफ्फेदार सही होती. मजकूर चार ओळींचा. 'मी खुशाल आहे, काळजी नसावी' असं त्यात होतं. आईनं ते कार्ड देवापुढे ठेवलं.

जवळची कोठडी आणि लांबचा तुरुंग यांतला हा फरक फार जुना आहे. इंग्रजी अमदानीत तालुक्याच्या गावी मामलेदार कचेरीला लागून लहानसा तुरुंग असे आणि त्याची जबाबदारी मामलेदाराकडे असे. आपल्याकडे 'सबजेल' म्हणतात ते हेच. जिल्ह्याचा तुरुंग अलिबागला, हिराकोटात. कान्होजी आंग्र्यांनी १७२० च्या सुमारास अवाढव्य काळे दगड रचून हा कोट बांधला. इंग्रजांनी त्याचा तुरुंग केला आणि आजही तो जिल्हा कारागृहच आहे. समुद्राच्या बाजूनं येणाऱ्या शत्रूसाठी बांधलेल्या भिंती आपल्याच कुळाबा जिल्ह्यातल्या माणसांना अडवण्याच्या कामी आल्या. तरी अलिबाग झालं काय किंवा तालुका झाला काय, तिथवर माणूस चालत जाऊ शकत होता. त्यापलीकडे ठाणं, येरवडा, नाशिक. शिक्षा जितकी मोठी तितका तुरुंग लांब, आणि तितका घरच्यांचा खर्च जास्त. गुन्हा नसताना घरच्यांना होणारी ही शिक्षा कुठल्याच निकालपत्रात लिहिलेली नसते.

कायद्यात या माणसांचा विचार नव्हता असं मात्र नाही. १८९४ च्या तुरुंग कायद्यात स्पष्ट कलम आहे. खटला न चाललेल्या कैद्याला ज्यांच्याशी बोलायची इच्छा असेल त्यांना योग्य वेळी आणि योग्य त्या निर्बंधांखाली तुरुंगात येऊ देण्याची व्यवस्था करावी, असा त्याचा आशय. आता 'योग्य वेळ' कोणती आणि 'योग्य निर्बंध' कोणते, हे ठरवणार सरकार. पुढच्या शंभर वर्षांतली सगळी भांडणं या दोन शब्दांवरची आहेत.

शिक्षा झालेल्या कैद्याचे हाल तर अधिकच. अंदमानात सुरुवातीच्या काळात वर्षाला एक पत्र, असा हिशेब होता. सावरकर बंधूंचं घर त्या एका पत्रावर वर्ष काढत असे. लोकमान्य टिळकांना १९०८ मध्ये सहा वर्षांची शिक्षा झाली आणि त्यांना मंडालेला ठेवलं. त्यांचे भाचे धोंडोपंत विद्वांस यांच्या नावे जाणारी पत्रं हा त्यांचा घराशी असलेला धागा होता. 'गीतारहस्य' तिथेच पेन्सिलीनं लिहून झालं, हे आपण शाळेत शिकतो. जून १९१२ मध्ये पुण्यात सत्यभामाबाईंचं निधन झालं आणि ती बातमी मंडालेत तारेनं पोचली, हे मात्र आपण ओझरतं ऐकतो. नवऱ्याची सुटका दोन वर्षांवर आली होती. मरणाची बातमी तुरुंगात कशी पोचते आणि पोचल्यावर आतला माणूस तिचं काय करतो, या प्रश्नाकडे मी पुन्हा येणार आहे, कारण तो आमच्या घरातला प्रश्न आहे.

काही माणसांनी मात्र त्या मर्यादेतूनच मोठी वाट काढली. १९३० मध्ये गांधीजी येरवड्याला होते. आश्रमातल्या माणसांसाठी ते दर मंगळवारी पहाटेच्या प्रार्थनेनंतर एकेका व्रतावर पत्र लिहीत. मंगळवारची पहाट, म्हणून त्या पत्रांच्या पुस्तकाचं नाव 'मंगलप्रभात'. आमच्या शेजारच्या पेण तालुक्यातल्या गागोद्याचे विनोबा १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात होते. दर रविवारी ते कैद्यांपुढे गीतेवर बोलत आणि साने गुरुजी ते उतरवून घेत. म्हणून ती प्रवचनं आज घरोघर आहेत. पुढच्याच वर्षी गुरुजींनी नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली. आईविषयीचं मराठीतलं हे लाडकं पुस्तक तुरुंगात लिहिलं गेलं, यात मला योगायोग वाटत नाही. भेटायला येणारी आई ज्याला उरलेली नाही, तो तिला कागदावर भेटायला बोलावतो.

१९४२ साली आमच्या भागावर मोठीच धाड आली. माथेरानचे वकील भाई कोतवाल यांनी 'आझाद दस्ता' उभा केला. सह्याद्रीतल्या वीजकेंद्रांतून मुंबईला वीज नेणाऱ्या तारांचे मनोरे दस्त्यानं पाडले. आमच्या खोपोलीला टाटांचं वीजकेंद्र १९१५ पासून आहे, त्यामुळे या तारांखालीच आमची खेडी वसलेली. पोलिसांनी कर्जत-मुरबाडचे डोंगर पिंजून काढले. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर भाई कोतवाल आणि हिराजी पाटील गोळीबारात मारले गेले. गावोगावची माणसं पकडली गेली होती. आजी सांगायची, "त्या वर्षी कोण डोंगरात नि कोण तुरुंगात, विचारायचीसुद्धा चोरी होती. विचारलं तर आपण त्यातले ठरणार." माणूस आत गेला की त्याची चौकशी करणंही संशयाचं होतं. संबंध तुटतो तो नुसत्या भिंतीमुळे नव्हे, भीतीमुळेही, हे मला तिच्याकडून कळलं.

त्याच काळात राष्ट्रीय पुढारी अहमदनगरच्या किल्ल्यात होते. ९ ऑगस्ट १९४२ ला पकडून त्यांना तिथे आणलं. ते कुठे आहेत हे गुप्त ठेवण्यात आलं. सुरुवातीला वर्तमानपत्र नाही, पत्र नाही. पुढे परवानगी मिळाली ती फक्त घरच्या माणसांना घरगुती मजकूर लिहिण्याची. आगाखान पॅलेसमध्ये असलेल्या गांधीजींनी अशी सवलत घ्यायचं नाकारलं. आश्रमातली माणसं आणि नातेवाईक यांत भेद करणं त्यांना मान्य नव्हतं. मौलाना आझादांनी वेगळंच केलं. किल्ल्यात बसून ते एका मित्राला पत्रं लिहीत राहिले, ती कधीही टपालात पडणार नाहीत हे ठाऊक असून. ती पत्रं सुटकेनंतर १९४६ मध्ये 'गुबार-ए-खातिर' या नावानं प्रसिद्ध झाली.

या पत्रांतलं एक प्रकरण मला फार जवळचं आहे. १९४३ च्या वसंतात कलकत्त्याला आझादांच्या पत्नी झुलेखा बेगम अत्यवस्थ झाल्या. सरकारकडे काही सांगायचं असेल तर मी लगेच पोचवतो, असं तुरुंगाच्या अधिकाऱ्यानं त्यांना सुचवलं. आझादांनी नकार दिला. सरकारकडे त्यांना काही मागायचं नव्हतं. एप्रिलमध्ये बेगम गेल्या. आझाद रोजचा दिनक्रम न मोडता त्या दिवसांत कसे वागत राहिले आणि आतून काय चाललं होतं, हे त्यांनी स्वतःच लिहून ठेवलं आहे. पहिल्यांदा ते वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ नुसता बसून होतो.

स्वातंत्र्य आलं तरी तुरुंगाचे नियम बरेचसे तेच राहिले. एक प्रकरण मुद्दाम सांगतो, कारण ते अस्सल मराठी आहे आणि फार थोड्यांना माहीत आहे. प्रभाकर पांडुरंग संझगिरी भारत संरक्षण नियमांखाली मुंबईच्या तुरुंगात स्थानबद्ध होते. आत बसून त्यांनी अणूच्या अंतरंगावर मराठीत एक शास्त्रीय पुस्तक लिहिलं. हस्तलिखित छापण्यासाठी पत्नीकडे पाठवू द्या, असा अर्ज त्यांनी सप्टेंबर १९६४ मध्ये केला. सरकारनं नाही म्हटलं. पुस्तकात राजकारणाचा शब्द नव्हता. सरकारचं म्हणणं एवढंच की, स्थानबद्ध माणसाला पुस्तक बाहेर पाठवता येईल असं नियमात कुठे म्हटलेलं नाही. मुंबई उच्च न्यायालयानं संझगिरींच्या बाजूनं निकाल दिला आणि सप्टेंबर १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो कायम केला. नियमात परवानगी लिहिलेली नाही म्हणून मनाई आहे असं होत नाही, असा त्या निकालाचा साध्या भाषेतला अर्थ. हस्तलिखित नवऱ्याकडून बायकोकडे जावं, एवढ्यासाठी देशातल्या सर्वांत मोठ्या कोर्टात जावं लागलं.

आणि मग आणीबाणी. २५ जून १९७५ च्या रात्री ती जाहीर झाली, २१ मार्च १९७७ ला उठली. या काळात देशभर एक लाखाहून अधिक माणसं मिसा आणि भारत संरक्षण नियमांखाली आत होती. २८ एप्रिल १९७६ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की आणीबाणीत स्थानबद्धतेविरुद्ध दाद मागायला कोर्टाचा दरवाजा उघडा नाही. पाचांपैकी एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना विरोधात उभे राहिले. पत्रं, मुलाखती, बाहेरचं जेवण अशा तुरुंगातल्या वागणुकीबद्दल काही उच्च न्यायालयांनी दिलासा दिला होता. जानेवारी १९७७ मध्ये भानुदास गावडे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं तोही काढून घेतला. त्याच महिन्यात निवडणुका जाहीर झालेल्या होत्या.

या काळातलं सर्वांत विलक्षण टपाल दंडवते दांपत्याचं. आमच्या कोकणातल्या राजापूरचे खासदार मधु दंडवते बंगळूरच्या तुरुंगात आणि प्रमिलाताई येरवड्यात. नवरा एका तुरुंगात, बायको दुसऱ्या, आणि पत्र दोन्हीकडच्या तपासणीतून जाणार. तरी दोघं एकमेकांना लिहीत राहिले. आपण काय वाचलं, काय ऐकलं, काय वाटलं, हे एकमेकांना कळवत राहिले. माझ्या आईला या पत्रांची गोष्ट पुढे कुणीतरी सांगितली. ती म्हणाली, "त्यांचं बरं होतं. दोघांनाही चांगलं लिहिता येत होतं."

आईला अक्षरं लावून वाचता यायचं, पण लिहायला फार वेळ लागे. म्हणून आमच्या घरचा पत्रलेखक मी होतो. रविवारी दुपारी ती मजकूर सांगे, मी लिहीत असे. वर मध्यभागी 'श्री', उजवीकडे गाव आणि तारीख, मग 'तीर्थरूप आण्णांस, शिरसाष्टांग नमस्कार, विनंती विशेष'. शाळेत शिकवलेला हा मायना मी कधी चुकवत नसे. मजकूर मात्र दिसत होता तितका सोपा नव्हता. कोण भेटायला आलं ते लिहायचं नाही, त्याच्यावर बालंट येईल. कारखान्यानं पगार थांबवला आहे हे लिहायचं नाही. किराणा दुकानदार उधारीला नाही म्हणाला हे लिहायचं नाही. वाचणारा साहेब आहे, म्हणून काही गोष्टी वगळायच्या आणि वाचणारे आण्णा आहेत, म्हणून काही. उरायचं काय, तर पाऊस, भाताची रोपं, माझे गुण, गाभण गाय आणि आजीची तब्येत. आजीचा एक निरोप प्रत्येक कार्डात ठरलेला असे. ती ओट्यावरून ओरडून सांगायची, "त्याला म्हणावं, पाठीला तेल लावत जा."

महिन्या-दीड महिन्यानं मुलाखत. लांब टेबल, अल्याड आम्ही, पल्याड आण्णा आणि टेबलाच्या टोकाला ऐकायला बसलेला एक माणूस. अर्ध्या तासापैकी पहिली दहा मिनिटं कुणालाच काही सुचत नसे. शेवटची पाच मिनिटं घड्याळाकडे बघण्यात जात. परत आल्यावर आई म्हणायची, "विचारायचं ते राहिलंच."

जुलै १९७६ मध्ये, आषाढात, आजी गेली. दोन दिवसांचा ताप, तिसऱ्या दिवशी पहाटे संपली. काकानं अग्नी दिला. त्या रात्री घरात मोठा वाद झाला. काका म्हणाला, तार करू, सरकार आठ दिवस सोडेल. आई नको म्हणाली. माझ्या आठवणीत आई काकाच्या तोंडावर बोलल्याची ती एकच वेळ. ती म्हणाली, "भावोजी, सोडतील कशावरून? आणि सोडायच्या आधी काही लिहून मागितलं तर? आईंसाठी ते देतील लिहून. आणि मग जन्मभर स्वतःला खातील." त्या दिवसांत सरकारला लिहून देऊन सुटलेली माणसं होती. त्यांतल्या कुणाला मी नावं ठेवत नाही, त्यांची घरं उपाशी होती. पण आण्णा कशानं मोडतील हे आईला बरोबर माहीत होतं, आणि तीच गोष्ट घडलेली होती. काका रात्रभर गप्प बसून राहिला. तार गेली नाही.

रविवारी मी नेहमीप्रमाणे कार्ड घेऊन बसलो. आईनं पाऊस सांगितला, रोपं सांगितली. मग थांबली आणि म्हणाली, "लिही. आजी बरी आहे. पाठीला तेल लावत जा, म्हणते." मी तिच्याकडे पाहिलं. ती म्हणाली, "लिही." मी लिहिलं.

पुढचे सात महिने आजी माझ्या अक्षरात जिवंत होती. ती उन्हात बसत होती, तिनं दिवाळीला करंज्या वळल्या, साजगावच्या यात्रेला जायचा हट्ट धरला. आण्णांची उत्तरं येत. आईचे गुडघे कसे आहेत, तिला थंडीत लोकर घालायला सांगा, असं ते विचारत. मुलाखतीत आई न चुकता सांगे, "बऱ्या आहेत." मला तिथे बोलायची भीती वाटू लागली. मी परीक्षेचं निमित्त काढून दोनदा गेलोच नाही.

फेब्रुवारी १९७७ मध्ये आण्णा सुटून आले. अंगणात पाय धुताना त्यांनी ओट्याकडे पाहिलं. आई पुढे होऊन काही सांगणार तेवढ्यात ते म्हणाले, "मला ठाऊक आहे." नंतर त्यांनी पिशवीतून कार्डांचा गठ्ठा काढला. माझी सगळी कार्डं तारखेवार लावलेली होती. त्यांतलं जुलैचं एक त्यांनी माझ्यापुढे धरलं. त्यावर 'श्री' नव्हता. घरात सुतक होतं, देवाला हात लावायचा नाही असं काकूनं बजावलं होतं, म्हणून मी तो लिहिला नव्हता. त्या वयात मला त्यात काही विशेष वाटलं नव्हतं. आपल्याकडे अशुभाच्या पत्रावर 'श्री' घालत नाहीत. आण्णांनी कार्ड हातात घेताक्षणी ओळखलं. पुढच्या कार्डात 'श्री' परत आला, आजीही बरी असल्याचं आलं. मग त्यांची खात्रीच झाली.

"मग विचारलंत का नाही?" आई म्हणाली. आण्णा म्हणाले, "तुम्ही एवढं सांभाळून लिहीत होतात. मी विचारलं असतं तर तुम्हांला सांगावं लागलं असतं." आईला त्यांचं धैर्य राखायचं होतं, त्यांना आईचं. दोघांनी सात महिने एकमेकांशी खोटं बोलून एकमेकांना सांभाळलं आणि मधला लेखनिक मी. आईनं केलं ते बरोबर की चूक, यावर काका आणि आण्णा यांचं पुढे कधीच एकमत झालं नाही. मुलाला आईचं मरण कळण्याचा हक्क आहे, असं काका म्हणे. माझंही मन अजून ठरलेलं नाही. इतकं मात्र कळतं की, ज्या व्यवस्थेत खरी बातमी हीच माणसाला वाकवायचं हत्यार होते, तिथे घरच्यांना असले निवाडे करावे लागतात.

नंतरच्या वर्षांत कायदा बराच बदलला. सुनील बत्रा नावाच्या कैद्यानं दुसऱ्या एका कैद्याच्या छळाबद्दल न्यायाधीशांना पत्र लिहिलं, आणि सर्वोच्च न्यायालयानं ते पत्रच अर्ज म्हणून स्वीकारलं. घरच्यांच्या भेटी हा कैद्याचा मोठा आधार असतो, असं न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्या निकालात नोंदवलं. जानेवारी १९८१ मध्ये फ्रान्सिस कोराली मुलिन प्रकरणात न्यायालयानं आणखी पुढचं पाऊल टाकलं. स्थानबद्धाला घरच्यांशी भेट महिन्यातून एकदाच, हा नियम रद्द ठरला. कुटुंबीयांना आणि वकिलाला भेटणं हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असं न्यायालयानं म्हटलं. हा निकाल लिहिणारे न्यायमूर्ती भगवती १९७६ च्या त्या निकालात बहुमताच्या बाजूला होते. तो १९७६ चा निकाल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंच चुकीचा ठरवला.

आता तर आमच्याच जिल्ह्यात, तळोज्याला, २००८ पासून मध्यवर्ती कारागृह आहे. तुरुंगातून घरी फोन करता येतो. कोरोनाच्या साथीत २०२० मध्ये मुलाखती बंद झाल्या तेव्हा व्हिडिओवरून बोलण्याची सोय झाली. महाराष्ट्रातल्या काही तुरुंगांत 'गळाभेट' नावाचा उपक्रम झाला, त्यात जाळी किंवा काच मध्ये न ठेवता मुलांना बापाच्या मांडीवर बसू देतात. हे सगळं चांगलं आहे. आमच्या वेळी टेबलावरून हात पुढे केला तरी तो टोकाचा माणूस खाकरायचा.

पण बाहेरची रांग संपलेली नाही. २०२२ च्या अखेरीस देशातल्या तुरुंगांत पावणेसहा लाखांच्या आसपास माणसं होती. त्यांतल्या दर चारांपैकी तिघांचा खटला अजून निकाली निघालेला नव्हता. म्हणजे १८९४ च्या कायद्यातलं ते 'योग्य वेळी' भेटू देण्याचं कलम ज्यांच्यासाठी होतं, तीच ही माणसं. त्यांच्या घरी स्मार्टफोन असेलच असं नाही. आमच्याकडच्या वाड्यांवर कातकरी, ठाकर बायका आहेत, ज्यांना नवरा कुठल्या तुरुंगात हलवला हे कळायला आजही आठवडे लागतात. नोंदणी कशी करायची, ओळखपत्र कोणतं लागतं, कुणाला विचारायचं, हे त्यांना सांगणारं कुणी नसतं. तिथवर जायचं तर एक दिवसाची मजुरी बुडते, आणि कागद कमी पडला तर दारातून परत.

मी शिक्षकाच्या नोकरीतून निवृत्त झालो. अशी एखादी बाई विचारत आली, तर फॉर्म भरून देतो, कधी बरोबर जातो. गेल्या वर्षी एकीला पत्र लिहून हवं होतं. फोन होत होता, तरी पत्र हवं होतं. का, म्हणून विचारलं. ती म्हणाली, "गुरुजी, फोन झाला की संपतो. कागद त्याच्यापाशी राहंल." मी कार्ड पुढे ओढलं, वर सवयीनं 'श्री' लिहिला आणि तिला म्हटलं, सांगा. तिनं पावसापासून सुरुवात केली.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)